पुलाखाली थांबलेली शर्यत : टूर ऑफ ओमान २०१५, टप्पा पाचवा

२१ फेब्रुवारी २०१५, शनिवार. मस्कतच्या परिसरात एका पुलाच्या सावलीत शंभराहून अधिक व्यावसायिक सायकलपटू सायकली टेकवून उभे होते. कुणी बाटलीतलं पाणी डोक्यावर ओतून घेत होतं, कुणी टायर चाचपत होतं. त्यांच्यासमोर एडी मर्क्स. टूर द फ्रान्स पाच वेळा आणि इटलीची तशीच मोठी शर्यत जिरो द'इतालिया पाच वेळा जिंकलेला हा माणूस इथे शर्यतीच्या आयोजकांपैकी एक होता आणि चिडलेला होता. त्याच्याशी वाद घालायला पुढे झाले होते फाबियन कान्चेलारा आणि टॉम बोनेन, घोळक्यातले दोन नामवंत सायकलपटू. थोड्या वेळानं टप्पा रद्द झाल्याचं जाहीर झालं.

आपल्याकडे त्या शनिवारी कुणाचं ओमानकडे लक्ष असण्याचं कारण नव्हतं. दुसऱ्या दिवशी मेलबर्नला विश्वचषकात भारत-दक्षिण आफ्रिका सामना होता. त्यात धवननं १३७ आणि आपल्या रहाणेनं ७९ केल्या आणि सोमवारचे पेपर त्यातच संपले. पण सायकलिंगच्या जगात त्या पुलाखालच्या वादाची चर्चा बराच काळ चालली. ऊन लागलं म्हणून खेळाडूंनी संप केला, एवढीच ती गोष्ट नव्हती. आयोजकांनी सकाळी घेतलेला एक शहाणपणाचा निर्णयच दुपारी त्यांच्यावर कसा उलटला, हा त्यातला पाहण्यासारखा भाग आहे.

शर्यत कुणाची आणि कशासाठी

आखाती देशांतल्या सायकल शर्यतींचं गणित आधी समजून घ्यावं लागतं. कतारची शर्यत २००२ मध्ये सुरू झाली, ओमानची २०१० मध्ये. त्या काळी दोन्हींत मर्क्स आणि टूर द फ्रान्स भरवणारी फ्रेंच कंपनी एएसओ यांचा हात होता. युरोपात फेब्रुवारीत बर्फ नाहीतर पाऊस. संघांना मार्च-एप्रिलच्या मोठ्या शर्यतींआधी पाय मोकळे करायला कोरडी हवा आणि चांगले रस्ते हवे असतात. यजमान देशाला हवी असते जाहिरात. हेलिकॉप्टरमधून दिसणारे किल्ले, वाद्या (कोरड्या नद्यांची खोरी), समुद्र आणि त्यामधून सरकणारी रंगीत सायकलस्वारांची रांग. रस्त्याच्या कडेला प्रेक्षक तुरळक असतात, कारण शर्यत त्यांच्यासाठी नसतेच. ती पडद्यावर बघणाऱ्यासाठी असते.

कतारपेक्षा ओमान उजवं. कतार सपाट, तिथे फक्त वारा. ओमानमध्ये डोंगर आहेत, आणि साधेसुधे नाहीत. जबल अखदरवरची चढण, शर्यतीत वापरतात तेवढीच धरली तरी, ५.७ किलोमीटरची आहे आणि तिचा सरासरी चढ १०.५ टक्के. एरवी त्या रस्त्याच्या पायथ्याशी पोलीस चौकी असते आणि चारही चाकांना जोर नसलेल्या गाडीला वर सोडत नाहीत. आपल्या मुंबई-पुणे शर्यतीत बोरघाट सगळ्यांत आधी चढणाऱ्याला 'घाटांचा राजा' म्हणतात. जबल अखदरवर जो पहिला येतो, तो बहुतेक वेळा शर्यतच जिंकून जातो.

२०१५ मध्येही तेच झालं. सहा टप्प्यांची शर्यत १७ फेब्रुवारीला सुरू झाली. अशा शर्यतीत सगळ्या टप्प्यांच्या वेळांची बेरीज ज्याची सगळ्यांत कमी, तो विजेता. पहिला टप्पा इटलीच्या आन्द्रेआ ग्वार्दिनीनं घेतला, दुसरा कान्चेलारानं, तिसरा नॉर्वेच्या अलेक्सान्दर क्रिस्टॉफनं. चौथ्या दिवशी जबल अखदरवर लाम्प्रे संघाच्या राफाएल वाल्स या फारशा चर्चेत नसलेल्या स्पॅनिश खेळाडूनं टीजे व्हॅन गार्डरेनला मागे टाकलं आणि एकूण वेळेत ९ सेकंदांची आघाडी घेतली. आलेहान्द्रो वाल्व्हेर्दे तिसरा.

हे ९ सेकंद लक्षात ठेवा. टप्पा जिंकणाऱ्याला १० सेकंदांची सूट मिळते, दुसऱ्याला ६, तिसऱ्याला ४. म्हणजे पाचवा टप्पा व्हॅन गार्डरेननं जिंकला असता आणि वाल्स त्याच्या सोबतच पण पहिल्या तिघांबाहेर पोचला असता, तर आघाडी एका सेकंदानं हातची गेली असती. पाचव्या टप्प्याच्या अखेरीला चढ होते. टप्पा होऊ न देण्यात सगळ्यांत जास्त फायदा कुणाचा होता, हे वेगळं सांगायला नको. तरी वादात पुढे होते ते एकूण क्रमवारीशी फारसं देणंघेणं नसलेले दोघे. मला वाटतं, त्यामुळेच त्या वादाला वजन आलं.

सकाळचा निर्णय

ठरलेला टप्पा असा होता : अल सवादीच्या किनाऱ्यावरून निघायचं, मस्कतच्या दिशेनं यायचं, बौशर-अल अमरातचा चढ पुन्हा पुन्हा घ्यायचा आणि बौशरमध्ये गृहनिर्माण मंत्रालयासमोर शेवट करायचा. (आखातातल्या शर्यतींच्या अंतिम रेषा अशा सरकारी इमारतींसमोर असतात. पैसे कुणी दिले, ते तिथे कळतं.) अंतर दीडशे किलोमीटरच्या आसपास.

सकाळी किनाऱ्यावर वाळूचं वादळ होतं. वारा आणि वाळू यांत फरक आहे. वाळवंटातल्या शर्यतींना वारा हवाच असतो, तीच त्यांची गंमत. आडवा वारा सुटला की सायकलस्वार एकामागे एक न राहता रस्त्यावर तिरकी रांग धरतात. प्रत्येक जण पुढच्याच्या आडोशाला, पण थोडा बाजूला. रस्त्याची रुंदी दहा-बारा जणांत संपते. तेराव्याला आडोसा उरत नाही. तो डांबराच्या कडेवर एकटा वाऱ्याशी झगडतो, त्याच्यात आणि पुढच्यात एका सायकलीचं अंतर पडतं, मग दोन, मग पन्नास. वीस मिनिटांत शर्यतीचे चार तुकडे होतात. बेल्जियन आणि डच खेळाडू हे लहानपणापासून शिकतात. डोंगरातून आलेले हलके खेळाडू यातच मार खातात. तेव्हा वारा आहे म्हणून शर्यत थांबवा, असं तिथे कुणी म्हणत नाही.

वाळूचं मात्र काही शिकवता येत नाही. ती डोळ्यांत जाते, घशात जाते, साखळीत जाते, आणि मुख्य म्हणजे पुढचं दिसत नाही. घोळक्यात पुढच्याच्या चाकात आणि आपल्या चाकात वीतभर अंतर असतं, वेग ताशी पन्नासच्या घरात. अशा वेळी दिसणं गेलं तर काय होईल ते सांगायला नको.

आयोजकांनी किनाऱ्यावरचा आरंभ सोडून दिला. सगळा ताफा मस्कतकडे हलवला आणि टप्पा छोटा करून शहराजवळच्या डोंगराळ भागातच खेळवायचं ठरवलं. संघांच्या बस, गाड्या, मोटरसायकली, डॉक्टर, पोलीस हे सगळं काही तासांत दुसरीकडे नेऊन उभं करणं सोपं नाही. त्यांनी ते केलं. इथपर्यंत आयोजकांना नावं ठेवायला जागा नाही.

चूक पुढच्या पायरीवर झाली, आणि ती सहज न दिसणारी आहे. पर्यायी मार्ग निवडला गेला तो एका प्रश्नाचं उत्तर म्हणून : वाळू कुठे नाही? त्या मार्गावर दुसरं काय आहे, हा प्रश्न मागे पडला. मूळ आखणीत चढ-उतारांच्या आधी लांबलचक सपाटी होती. आता सपाटी गेली आणि उरले ते चढ आणि उतार. बौशर-अल अमरातचा चढ तीन-साडेतीन किलोमीटरचा, सरासरी नऊ टक्क्यांच्या घरातला. रस्ता डोंगर कापून काढलेला. दोन्ही बाजूंना उघडा खडक, सावली नावाला नाही. फेब्रुवारीत मस्कतला दिवसाचं तापमान साधारण पंचविशीच्या पुढेमागे असतं. त्या दिवशी ते त्याच्या बरंच वर होतं आणि वारा गरम होता. अशा वेळी चढ जीव काढतो, हे खरं. पण त्या दिवशी घात केला तो उतारानं.

उतारावर टायर का फुटले

हे जरा सविस्तर सांगतो, कारण त्या वेळच्या बातम्यांत याला एखादंच वाक्य मिळालं होतं.

२०१५ च्या फेब्रुवारीत व्यावसायिक रस्ता-शर्यतीत डिस्क ब्रेकला परवानगी नव्हती. त्यांची चाचणी त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सुरू झाली, आणि कायमची मुभा मिळायला २०१८ उजाडलं. म्हणजे ओमानमधल्या प्रत्येक सायकलीचे ब्रेक चाकाच्या रिमवर घासून चालणारे होते. रिम कार्बनची. आणि टायर ट्युब्युलर, म्हणजे ट्यूब आतच शिवलेला, रिमवर गोंदानं चिकटवलेला.

आता हिशेब मांडू. खेळाडू आणि सायकल मिळून ८० किलो. उतार तीनशे मीटर उंचीचा. वरून खाली येताना जी ऊर्जा मोकळी होते ती सुमारे २३५ किलोज्यूल. एवढ्या उष्णतेत पाऊण लिटर पाणी साध्या तापमानावरून उकळीला येतं, म्हणजे चार-पाच जणांच्या चहाचं आधण. मोकळ्या सरळ उतारावर यातला मोठा वाटा हवेच्या विरोधात जातो. पण वळणं असली, घोळका दाट असला, समोरून वाऱ्याचे झोत येत असले, की खेळाडू ब्रेकवरचं बोट काढत नाही. मग उरलेलं आधण दोन रिमांवर चढतं.

ॲल्युमिनियमची रिम ही उष्णता पसरवते आणि हवेत सोडते. कार्बन ती धरून ठेवतो. ब्रेक घासतो तिथेच तापमान चढत जातं. त्या पट्ट्याला लागूनच गोंद आहे, आणि गोंदावर टायर. टायरमधला ८ बारचा दाब हवा चाळीस अंशांनी तापली तर सव्वानऊच्या आसपास जातो. एवढ्यानं चांगला टायर फुटत नाही. पण गोंद मऊ पडलेला, रिम भाजणारी, खाली ऊन पिऊन तापलेलं डांबर आणि वर हा वाढीव दाब, असं सगळं एकत्र आलं की टायर किंवा त्याच्या आतली ट्यूब कुठेतरी हार मानते. ताशी साठ-सत्तरच्या वेगात पुढचा टायर गेला तर हाताशी काही उरत नाही.

सिंहगडाचा गाडीरस्ता सायकलवरून उतरून कुणी खाली थांबून रिमला बोट लावून पाहिलं असेल, त्याला यातलं थोडं ठाऊक असेल. मी एकदा मार्चमधल्या दुपारी लावलं होतं. बोट दोन दिवस हुळहुळत होतं. आणि मी काही शर्यत खेळत नव्हतो, जीव मुठीत धरून उतरत होतो.

त्या दिवशी ओमानमध्ये एक-दोन नाही, अनेक टायर गेले. बोनेननं नंतर हेच कारण पुढे केलं : ब्रेक तापतायत, टायर फुटतायत. खेळाडूंनी उन्हाचा त्रास होतो म्हणून थांबवलं असतं, तर वाद घालायला जागा होती. सहनशक्ती हा या खेळाचा धर्मच मानला जातो. १९८० मध्ये लिएज-बास्तोन-लिएज शर्यत बेर्नार इनोनं बर्फात जिंकली, नऊ मिनिटांच्या वर अंतर राखून. त्याच्या बोटांची संवेदना त्यानंतर पूर्ण परतली नाही, आणि ही गोष्ट आजही कौतुकानं सांगितली जाते. पण सहनशक्ती खेळाडूच्या अंगात असते, गोंदात नसते.

पुलाखाली

थांबायचं कुणी ठरवलं, याचं एका वाक्यात उत्तर नाही. घोळका असाच थांबतो : पुढचे दोन-चार जण पॅडल मारणं सोडतात, मागचे त्यांना ओलांडून जात नाहीत. शर्यतीत ओलांडून जाणं हाच तर खेळ, म्हणून न ओलांडणं हा निर्णय ठरतो. पण तो टिकतो ते पुढे कोण आहे त्यावर.

इथे कान्चेलारा होता. पॅरिस-रूबे आणि टूर ऑफ फ्लँडर्स, दोन्ही तीन-तीनदा जिंकलेला. बोनेन होता, चार रूबे आणि तीन फ्लँडर्सवाला. या शर्यती दगडी फरशीच्या, चिखलाच्या, धुळीच्या. तिथे हाडं मोडतात. या दोघांना नाजूक म्हणायची कुणाची छाती नव्हती. शिवाय कान्चेलारा २०१० ची पहिली ओमान शर्यत जिंकला होता आणि या वेळी तीनच दिवसांपूर्वी टप्पा घेतला होता. इथला वारा, इथलं ऊन त्याला नवीन नव्हतं. एखाद्या छोट्या संघातला, पहिल्यांदा आखातात आलेला विशीतला पोरगा थांबला असता, तर त्याच्या संघाच्या गाडीतून काय ऐकू आलं असतं याची कल्पना करा.

मर्क्सची बाजूही समजून घेतली पाहिजे. त्याच्या शब्दावर ओमान सरकार शर्यत भरवत होतं. टप्पा एकदा हलवला, छोटा केला, आता तोही नाही. यजमानाला काय सांगायचं? आणि त्याच्या काळात असे प्रश्न पडत नसत. मात्र १९६७ च्या टूर द फ्रान्समध्ये माँ व्हाँतू या डोंगरावरच्या उन्हात, अंगात उत्तेजकं असताना, टॉम सिम्पसन हा सायकलपटू कोसळून मरण पावला, तेव्हा तरुण मर्क्स त्याच्याच संघात होता. उष्णतेची किंमत त्याला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. म्हणून त्याचा राग मला खेळाडूंवरचा कमी आणि हातातून निसटत चाललेल्या दिवसावरचा जास्त वाटतो.

नियमांत काय होतं? अपघात किंवा तसाच प्रसंग आला तर शर्यतीचा संचालक पंचांच्या संमतीनं मार्ग बदलू शकतो, काही काळ शर्यत स्थगित ठेवू शकतो, टप्पा रद्द करू शकतो, एवढी तरतूद होती. म्हणजे थांबवायचा अधिकार होता, पण तो दोघांकडे : संचालक आणि पंच. सायकलवर बसलेल्याचं त्या टेबलाशी स्थान नव्हतं. मग टेबल पुलाखाली मांडावं लागलं.

टप्पा रद्द झाला. वेळा चौथ्या टप्प्याच्या अखेरीला होत्या तशाच राहिल्या. वाल्सचे ९ सेकंद शाबूत. व्हॅन गार्डरेनला उरला तो रविवारचा, मत्राहच्या समुद्रकिनारी संपणारा शेवटचा टप्पा. तो ऑस्ट्रियाच्या माथियास ब्रेंडलेनं घेतला, आणि शर्यत वाल्सची झाली.

पुढे काय बदललं

सगळं श्रेय ओमानला देणं बरोबर नाही. २०१३ ची मिलान-सान रेमो बर्फामुळे मध्येच तोडून खेळाडूंना बसनं पुढे न्यावं लागलं होतं. २०१४ च्या जिरोत स्टेल्व्हियो घाटातल्या हिमवर्षावात उतारावर शर्यत चालू आहे की थांबली, यावरच गोंधळ झाला होता. ओमाननंतर तीन आठवड्यांनी इटलीतल्या तिरेनो-आद्रिआतिको शर्यतीत नैरो किन्ताना बर्फ अंगावर घेत तेर्मिनिल्लोचा डोंगर चढला. पण हे सगळे थंडीचे किस्से. ओमाननं वाळू आणि ऊन यादीत आणलं.

२०१६ पासून यूसीआयनं, म्हणजे सायकलिंगच्या जागतिक संघटनेनं, तीव्र हवामानाची नियमावली लागू केली. गोठणारा पाऊस, साचलेला बर्फ, जोराचा वारा, टोकाचं तापमान, कमी दिसणं, हवेचं प्रदूषण, यातलं काही संभवत असेल तर आयोजक, डॉक्टर, पंच, संघांचे आणि खेळाडूंचे प्रतिनिधी यांनी एकत्र बसायचं. ती पहिल्यांदा ठळकपणे दिसली मार्च २०१६ मध्ये, पॅरिस-नीसचा टप्पा बर्फामुळे मध्येच थांबवला तेव्हा. उन्हासाठी स्वतंत्र नियम यायला आणखी काही वर्षं गेली. त्यात नुसता पारा बघत नाहीत. ऊन, दमटपणा आणि वारा एकत्र मोजून निघणारा आकडा बघतात, आणि तो २८ च्या पुढे गेला की धोक्याचा लाल रंग.

बैठक बसवली म्हणजे प्रश्न सुटला असं मात्र नाही. आयोजकाला शर्यत हवी असते, यजमानाला चित्रं हवी असतात, आघाडीवरच्याला थांबलेलं चालतं आणि दुसऱ्या क्रमांकाला चालत नाही. २०२० मध्ये संयुक्त अरब अमिरातीतल्या शर्यतीचे शेवटचे दोन टप्पे रद्द झाले तेव्हा असली रस्सीखेच दिसली नाही. कोरोनाच्या संशयानं अख्खा ताफा हॉटेलात बंद झाला आणि आघाडीवरचा ॲडम येट्स विजेता ठरला. विषाणूशी कुणी वाद घालत नाही. उन्हाशी घालतात, कारण उन्हात 'अजून थोडं चालेल' असं म्हणायला नेहमी जागा असते.

ऑक्टोबर २०१६ मध्ये सायकलिंगची जागतिक स्पर्धा कतारमध्ये, दोहाला झाली. उन्हामुळे मार्ग छोटा करावा का, यावर आधी बरीच चर्चा झाली, पण पुरुषांची शर्यत २५७ किलोमीटरची ठरली ती ठरली. वाळवंटात आडव्या वाऱ्यानं घोळका फुटला आणि पुढच्या तुकडीतल्यांनीच निकाल लावला. पेतर सागान पहिला, मार्क कॅव्हेंडिश दुसरा. तिसरा आला टॉम बोनेन.